मुद्दल, मुदत आणि बोजा

गहाणखत हा दोन पक्षांमधला पैशाचा करार असला, तरी त्यात विकला जातो तो काळ, कारण पैसे आज हाती येतात आणि त्यांची किंमत पुढची दहा, वीस किंवा तीस वर्षे चुकवावी लागते. बीड जिल्ह्याच्या गेल्या दीडशे वर्षांच्या कर्जव्यवहाराकडे या दृष्टीने पाहिले असता असे दिसते की येथील ऋणकोला, म्हणजे कर्ज घेणाऱ्याला, व्याजाचा दर बहुधा ठाऊक असे आणि त्यावर तो घासाघीसही करीत असे. परंतु मुदतीमुळे त्या दराचे शेवटी काय होते याचा हिशेब त्याच्यापर्यंत क्वचितच पोहोचला, आणि त्याच्या संरक्षणासाठी झालेल्या कायद्यांचे लक्षही प्रामुख्याने दुसरीकडेच राहिले.

बीड हा १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानाचा जिल्हा होता, १९५६ साली तो द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि १९६० साली महाराष्ट्रात. संस्थानी अमलात सरकारी आणि न्यायालयीन भाषा आधी फारसी व पुढे उर्दू असल्याने जुन्या दस्तांत गहाणाला ‘रेहन’, गहाण ठेवणाऱ्याला ‘राहिन’, गहाण घेणाऱ्याला ‘मुर्तहिन’ आणि खरेदीखताला ‘बैनामा’ असे शब्द येतात. दस्ताची भाषा एक आणि शेतकऱ्याच्या घरची भाषा दुसरी, अशा स्थितीत अंगठा उठवणाऱ्याला कागदातील अटी दुसऱ्या कोणीतरी सांगाव्या लागत. त्यात नाण्यांचा घोळ होता. संस्थानात ‘हाली शिक्का’ चाले आणि शेजारच्या नगर जिल्ह्यात इंग्रजी ‘कलदार’. सुमारे ११६ हाली रुपयांना १०० कलदार मिळत. आष्टी-पाटोद्याकडचा जो शेतकरी सरहद्दीपलीकडच्या बाजारात व्यवहार करी, त्याला कर्जाची रक्कम कोणत्या नाण्यात लिहिली आहे हेही पाहावे लागे.

गहाणाचे जे तीन प्रकार या भागात रूढ होते, त्यांतील प्रत्येकात मुदतीची किंमत वेगळ्या तऱ्हेने दडलेली असे. ‘नजरगहाण’ या प्रकारात जमीन किंवा घर ऋणकोच्याच ताब्यात राही आणि धनकोचा, म्हणजे पैसे देणाऱ्याचा, हक्क केवळ कागदावर असे. येथे व्याज उघड लिहिले जाई. ‘ताबेगहाण’ किंवा ‘कब्जेगहाण’ यात मालमत्ता सावकाराच्या ताब्यात जाई आणि व्याजाच्या बदल्यात त्याने तिचे उत्पन्न खावे असे ठरे. या दुसऱ्या प्रकारात व्याजाचा आकडाच नसल्यामुळे कर्ज बिनव्याजी असल्यासारखे वाटे, परंतु दरवर्षीचे पीक हेच व्याज असे आणि मुद्दल मात्र एका रुपयानेही कमी होत नसे. वीस वर्षांनी गहाण सोडवणाऱ्याला पहिल्या दिवशी घेतलेली पूर्ण रक्कम द्यावी लागे, आणि मधल्या वीस पिकांचा हिशेब कोणत्याही कागदावर नसे. तिसरा प्रकार ‘मुदतखरेदी’चा, ज्यात दस्त विक्रीचा होई आणि ठरलेल्या मुदतीत पैसे परत केल्यास मालमत्ता उलटून द्यायची अशी शर्त असे. ब्रिटिश हिंदुस्थानातील १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात १९२९ साली अशी दुरुस्ती झाली की परत देण्याची शर्त त्याच दस्तात लिहिलेली नसेल तर तो व्यवहार गहाण मानला जाणार नाही. कायद्यात निश्चितता यावी हा तिचा हेतू असला, तरी तोंडी भरवशावर खरेदीखत करून देणाऱ्याची बाजू तिच्यामुळे पार लंगडी झाली. सावकारीच्या तक्रारींत पुढील काळातही वारंवार दिसतो तो हाच तिसरा प्रकार.

दर सांगण्याच्या पद्धतीतही काळ लपलेला आहे. गावात ‘तीन टक्क्यांनी पैसे काढले’ असे कोणी म्हणतो तेव्हा ते तीन टक्के महिन्याचे असतात, म्हणजे वर्षाला ३६, आणि व्याज दरमहा मुद्दलात मिळवले तर वर्षाअखेर ते ४२ टक्क्यांच्या वर जाते. धान्याच्या कर्जात ‘सवाई’ आणि ‘दिढी’ अशी मापे होती. पेरणीच्या वेळी घेतलेल्या एका मापाचे सुगीला सव्वा किंवा दीड माप परत करायचे. पेरणी आणि सुगी यांत जेमतेम पाच-सहा महिने जात असल्याने ‘दिढी’चा वार्षिक दर शंभर टक्क्यांच्या घरात जाई. धान्याच्या रूपात तो आकडा मात्र केवळ अर्ध्या मापाचा दिसे आणि अर्धे माप डोळ्यांत खुपत नसे.

या व्यवहारांना आळा घालणारा सर्वांत जुना देशी नियम म्हणजे ‘दामदुपट’. धर्मशास्त्रातून आलेल्या आणि मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी हिंदू ऋणकोच्या बाबतीत मान्य केलेल्या या नियमाचा अर्थ असा की कोणत्याही एका वेळी थकलेले व्याज मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येत नाही. या नियमाचा आशय बारकाईने पाहणे आवश्यक आहे, कारण त्याची मर्यादा ‘एका वेळी थकलेल्या’ व्याजाला आहे, आयुष्यभरात भरलेल्या एकूण व्याजाला नाही. जो ऋणको वर्षानुवर्षे व्याज भरत राहिला, त्याने मुद्दलाच्या चौपट दिले तरी दामदुपट त्याच्या मदतीला येत नसे. ज्याचे व्याज थकले, त्यालाच ती वाचवी. बुडणाऱ्याला हात देणारा हा नियम अत्यंत मोलाचा होता, परंतु नेमाने भरणाऱ्याचा विचार त्यात नव्हता.

१८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे सुरू होऊन नगर जिल्ह्यात पसरलेल्या दख्खनच्या दंग्यांत शेतकऱ्यांचा रोख सावकारांच्या कर्जखतांवर होता. अनेक ठिकाणी कागद हाती येताच जाळले गेले आणि सावकाराच्या जिवाला फारसा धोका पोहोचला नाही, यावरून आपले दुःख नेमके कशात आहे हे त्या लोकांना किती स्वच्छ कळले होते ते दिसते. त्यानंतर १८७९ साली झालेल्या दख्खन शेतकरी मदत कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांतील न्यायालयांना कर्जखताच्या मागे जाऊन व्यवहाराचा सारा इतिहास तपासण्याचा, म्हणजे मूळ मुद्दल किती, त्यात व्याज मिळवून नवे खत किती वेळा झाले, आणि प्रत्यक्षात किती फेड झाली हे पाहण्याचा अधिकार दिला. मुदतीचा हिशेब उलगडण्याचा एवढा धीट प्रयत्न या भागात क्वचितच झाला असेल. बीड निजामाकडे असल्यामुळे हा कायदा येथे लागू नव्हता. सीमेच्या एका बाजूच्या शेतकऱ्याचे खत न्यायालय उलगडून पाही आणि दुसऱ्या बाजूच्या शेतकऱ्याचे नाही. हैदराबाद संस्थानात सावकारीवरील कायदा आला तो १३४९ फसलीत, म्हणजे १९३९-४० च्या सुमारास, पूर्ण साठ वर्षांनी. महाराष्ट्रात पुढे १९७५ साली कर्जमुक्तीचा कायदा झाला आणि २०१४ साली सावकारी नियमनाचा नवा कायदा. या शेवटच्या कायद्याने सावकाराला मुद्दलापेक्षा अधिक व्याज घेण्यास मनाई केली आणि सावकारीच्या ओघात झालेल्या मागील पंधरा वर्षांपर्यंतच्या खरेदीखतांची चौकशी करून जमीन परत देण्याचा अधिकार जिल्हा निबंधकाला दिला.

घर मात्र या साऱ्या इतिहासात बराच काळ गहाणाच्या बाहेर राहिले, आणि त्याचे कारण त्याच्या बांधणीत होते. मराठवाड्यातील जुने घर माळवदाचे असे, म्हणजे दगड-मातीच्या जाड भिंती, त्यांवर लाकडी तुळया व सर आणि वर पांढऱ्या मातीचा सपाट थर. पावसाळ्याच्या तोंडावर ही माती पुन्हा पसरून दाबून घ्यावी लागे. अशा घराचा खर्च थोडा-थोडा आणि बराचसा श्रमाच्या रूपात होई. लाकूड एका वर्षी, भिंत दुसऱ्या वर्षी, असे ते उभे राही. सिमेंटच्या स्लॅबचे घर या रीतीने बांधता येत नाही, कारण स्लॅब एका दिवसात ओतावा लागतो आणि त्या दिवशी सळई, सिमेंट, खडी व मजुरी यांचे पैसे एकरकमी हाताशी लागतात. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपात शेजारच्या लातूर-उस्मानाबाद भागात दगड-मातीची जड घरे कोसळून हजारो माणसे दगावल्यानंतर माळवदाची भीती आणि स्लॅबची ओढ दोन्ही वाढणे स्वाभाविक होते. हप्त्याहप्त्याने उभे राहणारे घर अशा रीतीने एकरकमी झाले, आणि एकरकमी पैसा म्हणजे बहुतेकांसाठी कर्ज.

तरीही गावातील घर बँकेकडे गहाण पडणे अवघड होते. शेतजमिनीला सातबारा होता, परंतु गावठाणातील घराला ग्रामपंचायतीच्या ‘नमुना ८’ या करआकारणीच्या उताऱ्याखेरीज मालकीचा भक्कम पुरावा बहुधा नसे. शिवाय बीड हा ऊसतोड मजुरांचा जिल्हा. त्यांच्याकडे पगाराची पावती नसते. त्यांचे घर अनेकदा उभे राहते ते ‘उचली’वर, म्हणजे हंगामापूर्वी मुकादमाकडून एका कोयत्यापोटी, नवरा-बायकोच्या जोडीपोटी, घेतलेल्या आगाऊ रकमेवर. उचलीच्या कागदावर व्याजाचा दर बहुतेक वेळा नसतो. मजुरीतून ती कापली जाते आणि हंगाम संपताना शिल्लक राहिली तर पुढच्या हंगामावर चढते. येथे गहाण पडते ते पुढच्या वर्षाचे श्रम, आणि ताबेगहाणाप्रमाणेच व्याजाचा आकडा कोठेही दिसत नाही. प्रधानमंत्री आवास योजनेच्या ग्रामीण भागात सपाट प्रदेशासाठी ठरलेले १ लाख २० हजार रुपये टप्प्याटप्प्याने येतात. स्लॅब एकाच दिवशी पडतो. मधले अंतर ज्याने-त्याने आपल्या परीने भरून काढायचे असते.

बीड, अंबाजोगाई, परळी यांसारख्या शहरांतील शिक्षक, कारकून, वीज केंद्रातील कर्मचारी यांच्यासाठी बँकेचे गृहकर्ज हा मार्ग खुला झाला, आणि त्याची भाषा ‘समान मासिक हप्ता’ ही आहे. दरमहा एकच रक्कम भरायची असल्याने हा हप्ता समजण्यास सोपा वाटतो, परंतु त्याच्या पोटात व्याज आणि मुद्दल यांचे प्रमाण दर महिन्याला बदलत असते. २० लाख रुपयांचे कर्ज ९ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले तर हप्ता सुमारे १७,९९५ रुपये येतो. पहिल्या महिन्यात त्यातील १५,००० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते ते केवळ २,९९५ रुपये. दहा वर्षांनी, निम्मी मुदत संपल्यावर, ऋणकोने साडेएकवीस लाखांहून अधिक रक्कम भरलेली असते आणि तरी १४ लाख २० हजारांच्या आसपास मुद्दल शिल्लक असते. ते निम्म्यावर येण्यास जवळपास चौदा वर्षे लागतात. वीस वर्षांत एकूण ४३ लाख १९ हजार दिले जातात, त्यांतील व्याज २३ लाख १९ हजार. हेच कर्ज १० वर्षांचे केले तर हप्ता सुमारे २५,३३५ होतो, परंतु व्याज १० लाख ४० हजारांवर थांबते. ३० वर्षांचे केले तर हप्ता १६,०९२ पर्यंत उतरतो आणि व्याज ३८ लाखांच्या जवळ जाते. वीसऐवजी तीस वर्षे स्वीकारून महिन्याला वाचतात ते १,९०० रुपये, आणि त्यांच्यापोटी एकूण सुमारे पावणेपंधरा लाख अधिक द्यावे लागतात. दर सर्वत्र तोच आहे; किंमत ठरवली ती मुदतीने. पुढील वर्षांतील रुपया आजच्या रुपयापेक्षा स्वस्त असतो आणि पगारही वाढतो, हे खरे असले तरी ज्याचे उत्पन्न वाढत नाही त्याला या युक्तिवादाचा आधार नाही.

बदलत्या दराच्या कर्जात मुदतच हलती होते. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे बँकांना अल्प मुदतीसाठी पैसा देण्याचा दर, मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. नुकतेच ७ टक्क्यांनी घेतलेले २० लाखांचे, २० वर्षांचे कर्ज अडीच टक्क्यांनी वाढून साडेनऊवर गेले, तर महिन्याचे व्याज १५,८३३ रुपये होते आणि जुना हप्ता १५,५०६ रुपयांचाच असतो. हप्ता तोच ठेवला तर मुद्दल फिटण्याऐवजी वाढू लागते. जुने सावकार थकलेले व्याज मिळवून नवे खत करीत, तसाच हा प्रकार. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये असे आदेश दिले की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे ऋणकोला निवडता यावे आणि मुदत वाढवताना व्याजही न फिटण्याची स्थिती येऊ देऊ नये. ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जाच्या आरंभी सर्व खर्च धरून काढलेला वार्षिक दर आणि परतफेडीचे वेळापत्रक दाखवणारे विवरणपत्र देणेही बंधनकारक झाले. दंग्यांनंतरच्या न्यायालयांनी जो हिशेब वाद उभा राहिल्यावर उलगडून पाहिला, तो सही करण्यापूर्वी हाती येण्याची सोय अशा रीतीने झाली. दामदुपटीची छाया मात्र बँकेच्या कर्जावर नाही. २०१४ च्या सावकारी कायद्याच्या कक्षेत बँका येत नाहीत, आणि बँकिंग नियमन कायद्याच्या २१-अ या कलमानुसार, जे १९८४ पासून लागू आहे, केवळ व्याजदर अवाजवी आहे या कारणावरून न्यायालयाला बँकेचा व्यवहार पुन्हा उघडता येत नाही. त्यामुळे ते वेळापत्रक स्वतः वाचणे, एवढेच संरक्षण ऋणकोच्या हाती उरते, आणि ते मराठीत, मोठ्या अक्षरांत मिळावे ही मागणी अवास्तव म्हणता येणार नाही.

२४ एप्रिल २०२० रोजी सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत ड्रोनने गावठाणांची मोजणी करून घरांना मालमत्ता पत्रक देण्याचे काम हाती घेण्यात आले, आणि त्या पत्रकावर बँकेचे कर्ज मिळावे हा तिच्या घोषित हेतूंपैकी एक आहे. आधी बांधणीमुळे आणि पुढे कागदाच्या अभावी बराच काळ गहाणाबाहेर राहिलेले गावातील घर यामुळे प्रथमच मोठ्या प्रमाणावर गहाणयोग्य होत आहे. जमिनीच्या बाबतीत या स्थितीचा अनुभव जुना आहे. शेतकऱ्यांना दीर्घ मुदतीची कर्जे देणाऱ्या भूविकास बँकांचे बोजे, म्हणजे सातबाऱ्याच्या ‘इतर अधिकार’ रकान्यातील कर्जाच्या नोंदी, बँकांचे कामकाज थांबल्यानंतरही वर्षानुवर्षे तसेच राहिले. २०२२ साली राज्य सरकारने सुमारे ९६४ कोटींची ही कर्जे माफ केली, तेव्हा जवळपास ३५ हजार शेतकऱ्यांच्या जमिनी मोकळ्या होण्याचा मार्ग निघाला.

कर्ज फिटल्यावर बोजा आपोआप उतरतो असे नाही. डिसेंबर २०२३ पासून बँकेने मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत करणे आणि विलंब झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई देणे बंधनकारक आहे. बँक बेबाकीचा दाखला देते, म्हणजे काही बाकी नसल्याचे पत्र. तो घेऊन तलाठ्याकडे अर्ज करावा लागतो, फेरफार धरला जातो, मंडळ अधिकारी तो प्रमाणित करतो, आणि मग रकान्यातील बँकेचे नाव कंसात जाते.