कुणाची साक्ष, कुणाचं रक्त

अमरावती जिल्ह्यात, मोर्शी तालुक्यात रिद्धपूर आहे. महानुभाव पंथाची काशी म्हणतात त्याला. शाळेत आपण हे गाव एका मार्कापुरतं पाठ करतो. मराठीतला पहिला गद्य चरित्रग्रंथ कोणता? लीळाचरित्र. कुणी सिद्ध केला? म्हाइंभटांनी. साल? साधारण 1278. मार्क मिळतो आणि विषय संपतो. पण हा ग्रंथ कसा जमवला गेला ते कळलं, तर जगातल्या कुठल्याही संतचरित्राकडे बघायची एक नजर मिळते. तीच नजर घेऊन आज आपण गोव्यातल्या एका गावापर्यंत जाऊ. तिथं 1583 साली माणसं मारली गेली आणि त्यांतलं हुतात्मा कोण, याची उत्तरं अजूनही वेगवेगळी दिली जातात.

आधी रिद्धपूर. चक्रधरस्वामी उत्तरेकडे निघून गेले. त्यांचे शिष्य रिद्धपुरात गोविंदप्रभूंच्या आधारानं राहिले. स्वामींनी स्वतः एक ओळही लिहिलेली नव्हती. जे होतं ते लोकांच्या आठवणीत. म्हाइंभटांनी त्या आठवणी गोळा करायचं ठरवलं. ज्यांनी स्वामींना पाहिलं, ऐकलं, ज्यांच्या घरी ते जेवले, अशांना गाठून ते विचारत आणि नागदेवाचार्यांकडून पडताळून घेत. अशा शेकडो छोट्या प्रसंगांचा, म्हणजे लीळांचा, हा ग्रंथ झाला.

पुढं धामधुमीच्या काळात मूळ पोथी हरवली, असं परंपरा सांगते. मग ज्यांना ती पाठ होती त्यांच्याकडून ती पुन्हा उतरवावी लागली. हिराइसा ही बाई त्यांतली एक. साहजिकच सगळ्यांचं सांगणं सारखं नव्हतं. या फरकांना महानुभाव ‘वासना’ म्हणतात. हिराइसेची एक वासना, परशरामबासांची दुसरी. पोथी लिहिणाऱ्यांनी एकाचं खरं धरून दुसऱ्याचं पुसलं नाही. अमक्याचं म्हणणं असं, तमक्याचं तसं, अशी नोंद ठेवली. ज्याला आपण देव मानतो त्याच्या चरित्रातही मतभेद उघडे ठेवायचे, याला हिंमत लागते.

आता ख्रिस्ती ग्रंथांकडे वळू. येशूनंही स्वतः काही लिहून ठेवलं नाही. त्याच्या मागं चार शुभवर्तमानं झाली आणि तीही जागोजागी वेगळं बोलतात. रविवारी पहाटे थडग्याशी कोण गेलं? मार्क तीन बायकांची नावं देतो, योहान फक्त मग्दालिया मरियेचं. दुसऱ्या शतकात तातियान नावाच्या लेखकाला हा गोंधळ वाटला. त्यानं चारही शुभवर्तमानं गुंफून एकच सलग कथा केली. सिरियाकडच्या चर्चमध्ये ती पाचव्या शतकापर्यंत वाचली जात होती. शेवटी मात्र चर्चनं चार वेगळी पुस्तकंच राखली. म्हणजे तिथंही ‘वासना’ टिकल्या.

इथवर दोन्हीकडचा मार्ग सारखा आहे. फरक पडतो तो जीव देणाऱ्यांच्या चरित्रांत.

‘हुतात्मा’ हा आपला शब्द होमातून आला आहे. हुत म्हणजे अग्नीत अर्पण केलेलं. इंग्रजीतल्या ‘मार्टर’चं मूळ मात्र ग्रीक आहे आणि त्याचा साधा अर्थ साक्षीदार. अरबीतला ‘शहीद’ही साक्ष देण्याशीच जोडलेला. मराठी ख्रिस्ती लोकांत यासाठी फार नेमका शब्द आहे : रक्तसाक्षी. ज्यानं रक्तानं साक्ष दिली तो. पण साक्ष म्हटली की खटला आला, आणि खटल्यात दुसरी बाजूही असते. रक्तसाक्षींच्या पुस्तकांत ती बहुतेक वेळा सापडत नाही.

गोव्यात साष्टी भागात कुंकळ्ळी नावाचं गाव आहे. 1567 साली पोर्तुगीजांनी साष्टीतली देवळं मोठ्या प्रमाणावर पाडली. कुंकळ्ळीचे गावकर दबले नाहीत. जुलै 1583 मध्ये पाच जेझुइट तिथं चर्चसाठी जागा बघायला आले. त्यांचे प्रमुख रुदोल्फो अक्वाविवा हे त्याच वर्षी अकबराच्या दरबारातून परतले होते. गावानं त्या पाचही जणांना मारलं. त्यांच्यासोबत आलेला एक पोर्तुगीज आणि काही गोवेकर ख्रिस्तीही मारले गेले.

1893 साली पोप तेरावे लिओ यांनी या पाच जेझुइटांना ‘धन्य’ घोषित केलं. ही झाली पहिली यादी.

त्याच दिवशी, त्याच ठिकाणी मेलेले गोवेकर ख्रिस्ती त्या यादीत नव्हते. धर्म तोच, मरणही तेच. नावं तेवढी मागं राहिली. ही दुसरी यादी.

तिसरी यादी गावकरांची. पोर्तुगीजांनी बदला घेतला. बोलणी करायला म्हणून सोळा गावकरांना असोळण्याच्या किल्ल्यात बोलावलं, पंधरा जणांना मारलं, एक जण नदीत उडी टाकून निसटला, असं कुंकळ्ळीत सांगतात. त्यांचं स्मारक आज गावात उभं आहे. त्या पाच जणांपैकी बेर्नो यांनी आदल्या मोहिमेत देवळं पाडण्यात भाग घेतला होता, हे जेझुइटांच्याच वृत्तांतांतून कळतं. अक्वाविवांचा मृत्यू त्यामुळं कमी दुःखाचा होत नाही. पण गाव का पेटलं, हे त्याशिवाय समजत नाही.

थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट त्या काळात साष्टीतच काम करत होता. पुढं 1616 साली त्यानं ख्रिस्तपुराण छापलं. जवळपास अकरा हजार ओव्या, आणि त्यात मराठीचं भरभरून कौतुक. पहिल्या भागात अब्राहाम, मोशे, दावीद अशी ज्यू लोकांची कथा, दुसऱ्यात येशूची. त्याच्या तीन छापील आवृत्त्या निघाल्या, पण त्यांची एकही प्रत आज मिळत नाही. ग्रंथ वाचला तो ख्रिस्ती घरांत हातानं उतरवलेल्या प्रतींमुळं, जशी लीळाचरित्राची पोथी महानुभावांच्या मठांत वाचली. ओवीचं प्रेम आणि पाडलेली देवळं, दोन्ही साष्टीच्या त्याच मातीतली. ख्रिस्तपुराण आपलं मानायला हवंच. त्यासाठी कुंकळ्ळी विसरायची गरज नाही.

याद्यांचा हा प्रश्न गोव्यापुरता नाही. 1096 साली पहिल्या धर्मयुद्धाला निघालेल्या ख्रिस्ती टोळ्यांनी जर्मनीत ऱ्हाइन नदीकाठच्या वर्म्स आणि माइन्झ या शहरांत ज्यूंची कत्तल केली. जेरुसलेमसाठी लढताना जे पडले, त्यांना त्यांच्या लोकांनी रक्तसाक्षी मानलं. ज्यूंनी आपल्या मेलेल्यांच्या कहाण्या हिब्रूत लिहून ठेवल्या. 1296 पासून न्यूरेंबर्गच्या ज्यूंनी स्मरणवहीच सुरू केली. त्यातली नावं प्रार्थनेच्या वेळी वाचली जात. एका समाजाच्या पुस्तकातले वीर दुसऱ्याच्या पुस्तकातले मारेकरी होते.

तरी एक कथा दोघांनीही जपली आहे. धर्म सोडायला नकार देऊन मेलेली एक आई आणि तिचे सात मुलगे. ही ज्यूंची मक्कबींच्या काळातली गोष्ट. ती माणसं येशूच्या आधीची, तरी ख्रिस्ती परंपरा त्यांना संत मानते आणि 1 ऑगस्टला त्यांचं स्मरण करते. दुसऱ्याच्या मेलेल्या माणसासाठी आपल्या यादीत जागा करता येते, याचा हा जुना पुरावा आहे.

आपल्या फोनवर रोज कुणीतरी हुतात्म्यांची यादी पाठवतं. धर्म कुठलाही असो, फोटो, तारीख आणि खाली ‘फॉरवर्ड करा’. अशा वेळी तीन प्रश्न विचारता येतात. हे कुणी पाहिलं आणि कुणाला सांगितलं? त्याच दिवशी आणखी कोण मेलं? आणि दुसऱ्या बाजूची वासना कुठं आहे? हे विचारल्यानं कुणाचा त्याग लहान होत नाही. वऱ्हाडच्या माणसाला तर ते शिकायला लांब जायची गरजच नाही. कित्येक शतकांपूर्वी महानुभावांनी हिराइसेचं म्हणणं हिराइसेच्या नावानं लिहून ठेवलं होतं.