कल्याण-प्रदीप : आजीनें लिहिलेलें नातवाचें चरित्र

घरगुती पत्रांचें बाड हातीं आलें कीं आमच्याकडील संग्राहक त्यांत प्रथम सनदा व निवाडे धुंडाळतात आणि क्षेमसमाचाराचे कागद बाजूस सारतात. त्यांनीं मोक्षदा देवी यांचा ‘कल्याण-प्रदीप’ हा बंगाली ग्रंथ अवश्य पाहावा. तो १९२८ सालीं कलकत्त्यास छापला गेला. त्या समयीं लेखिकेचें वय ऐंशीच्या घरांत होतें. राष्ट्रीय सभेचे पहिले अध्यक्ष उमेशचंद्र बॅनर्जी यांच्या या भगिनी. १८७० सालीं त्यांनीं ‘बंगमहिला’ हें नियतकालिक चालविलें होतें. तथापि बंगालबाहेर त्यांचें नांव क्वचितच निघतें.

चरित्रनायक म्हणजे त्यांचे नातू कॅप्टन कल्याणकुमार मुखोपाध्याय, इंडियन मेडिकल सर्व्हिसमधील डॉक्टर. पहिल्या महायुद्धांत ते मेसोपोटेमियांत गेले व तेथून आईस पत्रें लिहीत राहिले. नोव्हेंबर १९१५ मधील टेसिफॉनच्या लढाईनंतर हजारों जखमींचे कसे हाल झाले, तें १९१७ च्या चौकशी अहवालानें उघड केलें. पुढें कुतचा वेढा १४७ दिवस चालला. भाजीपाला मिळेना, आणि बहुतेक हिंदी शिपायांनीं घोड्याचें मांस दीर्घकाळ वर्ज्य मानलें. त्यामुळें त्यांच्यांत स्कर्व्ही बळावला. या वेढ्यांत १०३, ११० व ११७ या मराठा पलटणीही होत्या. २९ एप्रिल १९१६ रोजीं सैन्य शरण गेलें. कल्याणकुमार कैद झाले व १९१७ सालीं रास-अल-ऐन येथें तापानें वारले.

अहवालांत दोष कोणाचा याची चिकित्सा आहे. पत्रांत मात्र हा सरकारी गणवेषांतील डॉक्टर, इंग्रजांनींच शिकविलेला देशाभिमान रक्तपातास कसा कारण होतो, हें सांगतो. असा मजकूर कोणत्याही दप्तरांत सांपडावयाचा नाहीं. तो आईच्या पेटींतच राहावयाचा!

ग्रंथाची रचना विस्कळित आहे हें खरें. कुळाची हकीकत, युद्धाचा इतिहास आणि आजीचा शोक हीं एकमेकांत मिसळलीं आहेत. एखाद्या शिस्तीच्या संपादकानें तीं निराळीं काढलीं असतीं. आम्हांस तसें व्हावयास नको होतें असेंच वाटतें. बखरींतही तीं निराळीं कोठें असतात?

कुतच्या वेढ्यांत सांपडलेल्या मराठा शिपायांचीं पत्रें ज्यांच्या घरीं असतील, त्यांनीं तारीख, ठिकाण व टपालाचे शिक्के यांच्या नोंदीसह त्यांच्या नकला करून ठेवाव्या. मूळ पत्रांस डिंक लावूं नये.