दिनविशेष : २ फेब्रुवारी १९६८

छायाचित्रकार एडी ॲडम्स यांनी व्हिएतनाम युद्धादरम्यान आदल्या दिवशी सायगावच्या रस्त्यावर टिपलेले छायाचित्र २ फेब्रुवारी १९६८ रोजी ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने पहिल्या पानावर प्रसिद्ध केले. चौकड्यांचा शर्ट घातलेल्या, हात मागे बांधलेल्या व्हिएतकाँग (दक्षिण व्हिएतनाम सरकारविरुद्ध लढणाऱ्या कम्युनिस्ट बंडखोरांच्या) कैद्याच्या डोक्यावर दक्षिण व्हिएतनामचा पोलीसप्रमुख पिस्तूल झाडत असल्याचे त्यात दिसते. ते मोठ्या आकारात छापावे, असा आग्रह छायाचित्र संपादक, म्हणजे चित्रांची निवड करून त्यांचा आकार व जागा सुचवणारे अधिकारी, जॉन मॉरिस यांनी धरला. समतोलासाठी व्हिएतकाँगने मारलेल्या बालकाचे छायाचित्रही सोबत देण्यात आले. ॲडम्स यांना १९६९मध्ये पुलित्झर पुरस्कार मिळाला.

छायाचित्र एक क्षण दाखवते, त्यामागची कारणे दाखवत नाही. म्हणूनच काय छापावे, किती मोठे छापावे आणि शेजारी काय ठेवावे, हा निर्णय छायाचित्र टिपण्याइतकाच जबाबदारीचा ठरतो. आज कोणाच्याही मोबाइलवरील दृश्य कसल्याही पारखणीविना क्षणार्धात लाखोंपर्यंत पोहोचत असताना त्या निवडीचे उत्तरदायित्व घेणारी व्यक्ती अधिकच आवश्यक झाली आहे. वृत्तपत्रांनी छायाचित्र संपादकाचे पद काटकसरीच्या नावाखाली मोडीत काढू नये.