टपालाने आलेले तोक्यो

महर्षी कर्व्यांच्या महिला विद्यापीठाचे बीज हिंगण्याच्या माळावर रुजले हे आपण सारे जाणतो. पण ते बीज तोक्योहून आले होते, हे सांगितले तर पुष्कळांना नवल वाटेल. १९१५ साली अण्णांना टपालाने एक पुस्तिका आली. तीत जपानातील महिला विद्यापीठाची हकीकत होती. आश्रमाच्या रगाड्यात ती बाजूला पडली. पुढे डिसेंबरात मुंबईस भरणाऱ्या सामाजिक परिषदेचे अध्यक्षपद त्यांच्याकडे आले, भाषणाच्या तयारीत तिची आठवण झाली, आणि त्या भाषणात त्यांनी स्त्रियांच्या स्वतंत्र विद्यापीठाची कल्पना मांडली. १९१६ साली ते पाच विद्यार्थिनींनिशी सुरूही झाले!

जपानचे ते विद्यापीठ जिन्झो नारुसे या गृहस्थाने १९०१ साली काढले होते. स्त्रीला आधी माणूस म्हणून शिकवावे, मग स्त्री म्हणून, मग राष्ट्राचा घटक म्हणून, असा त्याचा क्रम होता. जपानी सरकारला मात्र ‘चांगली पत्नी, शहाणी आई’ एवढीच हवी होती. अण्णांनीही भर दिला तो गृहिणीपदावरच: शिक्षण मातृभाषेतून, अभ्यासक्रम पुरुषांहून निराळा. हा वेगळा अभ्यास म्हणजे हलका अभ्यास, अशी टीका झाली, आणि माझ्या मते ती अगदीच अनाठायी नव्हती. पण बालविधवांना अक्षर शिकवण्यापासून ज्याने आरंभ केला, त्याला बापलोकांच्या गळी काय उतरेल याचा अंदाज टीकाकारांहून अधिक होता.

आणि गंमत पाहा. तोक्योच्या त्याच विद्यापीठाच्या गृहशास्त्र शाखेतून १९०६ साली एक मुलगी पदवी घेऊन बाहेर पडली. तिचे नाव रायचो हिरात्सुका. स्वयंपाकघर शास्त्रोक्त सांभाळण्याऐवजी तिने १९११ साली ‘सेइतो’ नावाचे केवळ स्त्रियांनी चालवलेले मासिक काढले. त्यात प्रेम, विवाह, मातृत्व यांवर अशी मोकळी चर्चा होई की सरकारने काही अंक जप्त केले. गृहिणी घडवण्यासाठी उघडलेले दार मुली आपल्याला हव्या त्या दिशेने ओलांडतात, हे अण्णांच्या हाती पुस्तिका येण्यापूर्वीच तिथे दिसून चुकले होते. आज नांदगावच्या फलाटावर पुस्तकांची पिशवी घेऊन मनमाड-नाशिकच्या गाडीची वाट पाहणाऱ्या मुलींपैकी किती जणी चांगली पत्नी होण्यासाठी शिकत असतील?

दोन्ही विद्यापीठांच्या नशिबी उपेक्षाही सारखीच आली. ‘गृहीतागमा’ ही आपल्याकडील पदवी नावाने भारदस्त, पण सरकारदरबारी तिला मोल नव्हते. १९२० साली सर विठ्ठलदास ठाकरसी यांनी पंधरा लाखांची देणगी दिली आणि विद्यापीठाला त्यांच्या मातोश्रींचे, नाथीबाईंचे, नाव लाभले. कायद्याची मान्यता मात्र १९५१ साली मिळाली. तोक्योच्या संस्थेलाही कायद्याने विद्यापीठ व्हायला १९४८ साल उजाडावे लागले.

जगप्रवासात अण्णा जपानलाही गेले. ते १९३० साल होते. ज्या देशाकडून त्यांनी धडा घेतला, त्या देशातल्या एकाही स्त्रीला तेव्हा मताचा अधिकार नव्हता. १९२२ पर्यंत तर राजकीय सभेला जाण्याचीही त्यांना बंदी होती. इकडे मुंबई इलाख्यात मिळकतीची अट पुरी करणाऱ्या स्त्रियांना मताचा हक्क १९२१ सालीच मिळाला होता. जपानी स्त्रिया पहिल्यांदा मतदानाला गेल्या १० एप्रिल १९४६ रोजी, युद्धात राखरांगोळी झालेल्या शहरांतून, आणि त्या दिवशी एकोणचाळीस स्त्रिया निवडून आल्या.