इंग्रजी प्रश्नातला ‘डू’

मध्ययुगीन इंग्रजीत प्रश्न विचारायला क्रियापद कर्त्याच्या आधी ठेवले की काम भागत असे: ‘नो यू हिम?’ पंधराव्या-सोळाव्या शतकांत त्या जागी ‘डू’ शिरू लागला. शेक्सपिअरच्या नाटकांत दोन्ही रूपे शेजारी शेजारी नांदतात. 1611च्या बायबलच्या भाषांतरात जुनी धाटणी बरीच टिकून आहे. ‘नो’सारखी रोजच्या वापरातली क्रियापदे जुन्या वळणाला अधिक काळ चिकटून राहिली. अठराव्या शतकापर्यंत ‘डू’ रुळला, पण ‘इज’, ‘कॅन’, ‘विल’ यांनी उलटा क्रम सोडला नाही. आज शिकणाऱ्याला छळणारी दुहेरी व्यवस्था ती हीच.

मराठीत ‘तू गेलास का?’ म्हणताना शब्दांचा क्रम हलत नाही. त्यामुळे ‘व्हेअर यू आर गोइंग?’ सहज तोंडून निघते. ‘डिड यू वेंट?’मध्ये भूतकाळ दोनदा येतो. तो एकट्या ‘डिड’ने आधीच दाखवलेला असतो. उलट, ‘आय डोन्ट नो व्हेअर इज ही’ या चुकीत शिकलेला नियमच नको तिथे लावला जातो. वाक्याच्या पोटातल्या प्रश्नात क्रम साधाच राहतो: ‘व्हेअर ही इज’. अशा चुकांना अडाणीपणा म्हणणे अन्यायाचे आहे.