प्रो. देवधरांचे पडते मोसम

दुसऱ्या महायुद्धाच्या आरंभी, १९३९-४० आणि १९४०-४१ मध्ये, रणजी करंडक लागोपाठ दोनदा महाराष्ट्राने जिंकला. कर्णधार प्रो. दि. ब. देवधर पुण्याच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृत शिकवीत. पुढे विजय हजारे बडोद्याकडे गेले आणि संघाचे दिवस फिरले. १९४३-४४ मध्ये मुंबईच्या (तिचा संघ तेव्हाही वेगळाच!) विजय मर्चंटांनी महाराष्ट्राविरुद्ध नाबाद ३५९ धावा कुटल्या. मर्चंट आणि रुसी मोदी यांची सहाव्या गड्याची भागी होती ३७१ धावांची. बिचारे गोलंदाज!

अशा काळात खेळ कसला सुचतो, असे कोणी म्हणेल. मुंबईला वीज नेणारे मनोरे पाडणारे भाई कोतवाल आणि त्यांचे साथी हिराजी पाटील २ जानेवारी १९४३ रोजी आमच्याच मुरबाड तालुक्यात, सिद्धगडावर, पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडले. टोकावड्याच्या मुलांना ते आधी सांगावेच लागते. तरी हरणाऱ्या संघातल्या त्या प्राध्यापकाचीही गोष्ट मी त्यांना सांगतो. १९४४-४५ मध्ये नवानगरविरुद्ध, वयाच्या ५२व्या वर्षी, देवधरांनी दोन्ही डावांत शतके ठोकली: १०५ आणि १४१. करंडक मात्र पुढच्या ऐंशी वर्षांत महाराष्ट्राच्या संघाकडे परतला नाही.