नागनदीच्या वाटेने : महालापासून आंभोऱ्यापर्यंत

नागपुरास आलेल्या पाहुण्यास शहर दाखवावयाचे झाले म्हणजे आपण एक ठराविक वाट धरतो. सीताबर्डीचा किल्ला बाहेरून, मग दीक्षाभूमी, फुटाळ्याचा काठ, वेळ उरल्यास महालातील एखाददुसरा जुना वाडा, आणि निघताना संत्र्याच्या बर्फीचा डबा. ही वाट वाईट आहे असे आमचे म्हणणे नाही. तथापि तिच्यात एक मोठी उणीव आहे. ज्या नदीचे नाव या नगराच्या नावाशी जोडले जाते, ती नागनदी या वाटेत तीन-चार वेळा पुलाखालून जाते. आणि प्रत्येक वेळी आपण पाहुण्याचे लक्ष दुसरीकडे वेधून मोटारीची काच वर करतो.

या लेखात आम्ही वाचकांस निराळी वाट सुचविणार आहोत. अंबाझरीपाशी निघावे, नदीच्या कडेकडेने जुन्या शहरातून जावे, कुहीच्या रस्त्याने कन्हानेच्या खोऱ्यात उतरावे आणि सायंकाळी आंभोऱ्यास वैनगंगेच्या काठी थांबावे. सारा प्रवास सत्तर-पंच्याहत्तर किलोमीटरांचा व एका दिवसाचा आहे. तो करणाऱ्यास असे दिसून येईल की नगराचा इतिहास आणि नदीकाठच्या खेड्यांचा इतिहास हे दोन वेगळे ग्रंथ नसून एकाच ग्रंथाची पहिली व दुसरी पाने आहेत. आणि पहिल्या पानावर जे लिहिले जाते त्याचे परिणाम दुसऱ्या पानावरील लोकांस भोगावे लागतात.

प्रथम नावाविषयी. नागपूर हे देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद याने १७०२ च्या सुमारास वसविले, ही गोष्ट सर्वश्रुत आहे. परंतु हे नाव या मुलखात त्याच्यापूर्वी साडेसातशे वर्षांहून अधिक काळ ठाऊक होते. वर्धा जिल्ह्यातील देवळी येथे सापडलेल्या, राष्ट्रकूट राजा तिसरा कृष्ण याच्या ताम्रपटात (शके ८६२, इ. स. ९४०) ‘नागपूर-नंदिवर्धन’ असा प्रदेशाचा उल्लेख आहे. यांतील नंदिवर्धन म्हणजे रामटेकजवळचे नगरधन, वाकाटकांची एके काळची राजधानी. बख्त बुलंद दिल्लीच्या बादशहाचे वैभव पाहून आलेला होता. आपल्या डोंगरी राज्यालाही मैदानात एक नगर असावे असे त्यास वाटले. ‘राजापूर बारसा’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या बारा वाड्या एकत्र करून त्याने हे नगर मांडले, अशी परंपरा आहे. सक्करदरा, फुटाळा, लेंढरा, भानखेडा ही नावे आज मोहल्ल्यांची म्हणून आपल्या तोंडी आहेत. ती मुळात खेड्यांची नावे होत. म्हणजे नागपूर हे जन्मतःच खेड्यांचे बनलेले शहर आहे.

नगर मांडणे सोपे, त्यास पाणी पुरविणे कठीण. नागनदी शहराच्या पश्चिमेस लाव्याच्या टेकड्यांत उगम पावते. ती बारमाही मोठी नदी कधीच नव्हती. पावसाळ्याचे पाणी अडवून ठेवल्यावाचून येथे राजधानी नांदणे शक्य नव्हते. बख्त बुलंदाचा मुलगा चांद सुलतान याने राजधानी कायमची नागपुरास आणली, शहरास तट घातला आणि तटालगत जुम्मा तलाव बांधविला. शुक्रवारी तलाव किंवा गांधीसागर म्हणून आपण ओळखतो तो हाच. आणि तटाचा जुम्मा दरवाजा गांधी दरवाजा या नावाने आजही महालात उभा आहे. दरवाजा आणि तलाव यांस एकच नाव असावे हे अर्थपूर्ण आहे. संरक्षण आणि पाणी या दोन गोष्टींवर राजधानी टिकते हे त्या गोंड राजास पुरते कळले होते.

१७३९ साली चांद सुलतान वारला आणि गादीचा तंटा उत्पन्न झाला. त्याच्या राणीने वऱ्हाडातून रघूजी भोसल्यास साहाय्यार्थ बोलाविले. रघूजी आला, तंटा मिटवून परत गेला. पण १७४३ नंतर राज्याची सूत्रे त्याच्याच हाती राहिली. गोंड घराण्यास वेतन व मान देऊन त्याने सत्ता आपल्याकडे घेतली. याच महालातून निघालेल्या फौजा वैनगंगा ओलांडून छत्तीसगड, ओरिसा आणि बंगालपर्यंत गेल्या. १७५१ च्या तहाने ओरिसा प्रांत व बंगालच्या चौथाईचे बारा लाख रुपये भोसल्यांच्या पदरी पडले. या मोहिमांची वर्णने आपल्या बखरींत व पाठ्यपुस्तकांत पुष्कळ आहेत. परंतु भोसल्यांच्या काळी तेलंगखेडीचा तलाव व बाग झाली आणि शहराभोवतीच्या पाण्याच्या साठ्यांची निगा राखली गेली, ही गोष्ट आपण सहसा मुलांस सांगत नाही. जुन्या शुक्रवारीत काशीबाईचे देऊळ व भोसल्यांच्या छत्र्या आहेत. तेथे कोरीव पाषाण पाहणाऱ्याने जवळच वाहणाऱ्या नागनदीकडेही दृष्टी टाकावी. राजघराण्याने आपल्या अखेरच्या विसाव्यासाठी हा काठ निवडला होता. आज तेथे उभे राहिले असता तो निवडण्याजोगा होता यावर विश्वास बसणे कठीण जाते.

सीताबर्डीच्या जोड टेकड्यांवर २६ व २७ नोव्हेंबर १८१७ रोजी आप्पासाहेबांच्या फौजेचा व इंग्रज रेसिडेंटाच्या तुकड्यांचा सामना झाला; १६ डिसेंबरास शहराजवळ दुसरी लढाई होऊन नागपूरचे स्वातंत्र्य संपल्यासारखेच झाले. ११ डिसेंबर १८५३ रोजी तिसरे रघूजी निपुत्रिक वारले आणि पुढल्याच वर्षी डलहौसीने राज्य खालसा केले. राजवाड्यातील जडजवाहीर, हत्ती, घोडे यांचा लिलाव झाला. पुढे १८६४ साली काळ्या दगडाचा व कोरीव लाकूडकामाचा तो राजवाडाही जळाला. त्याच १८६४ साली नागपूरची म्युनिसिपालिटी स्थापन झाली, हा योगायोग ध्यानात ठेवण्यासारखा आहे. पाण्याची जी जबाबदारी आजवर राजाची होती ती त्या सालापासून नागरिकांच्या संस्थेवर आली.

या नव्या धन्याने काय केले? पाणी आणण्याचे काम त्याने उत्तम केले, हे मान्य करावयास हवे. १८७० च्या सुमारास अंबाझरीचा तलाव वाढवून नळाने शहरात पाणी आणले. पुढे गोरेवाडा, मग कन्हान, आणि शेवटी दूरच्या पेंच नदीचे पाणी शहरात आले. १८६७ साली आगगाडी आली; १ जानेवारी १८७७ रोजी जुम्मा तलावाशेजारच्या दलदलीच्या जागेवर जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल सुरू झाली आणि २००२ साली बंद पडेपर्यंत तिने कित्येक पिढ्यांस पोसले. शहर वाढले, घरोघर नळ झाले. परंतु आणलेले पाणी वापरून झाल्यावर जावयाचे कोठे, या प्रश्नास कोणी स्वतंत्र उत्तर दिले नाही. उतार नागनदीकडे होता, सबब सारे पाणी नागनदीत गेले. जसजसे बाहेरून अधिक पाणी येऊ लागले तसतशी ही छोटी नदी अधिकाधिक सांडपाणी वाहू लागली. ती कोणा एकाच्या दुष्टपणाने बिघडलेली नसून, आणण्याचा विचार करणारे व टाकण्याचा न करणारे असे जे आपण सर्व, त्यांनी ती बिघडविली आहे.

आता शहर मागे टाकू. पारडीच्या पुढे पिवळी नदी नागनदीस मिळते आणि दोघींचे एकत्र पाणी कुही तालुक्यात कन्हानेत जाते. रस्त्याने पूर्वेकडे जाताना कापूस-तुरीची शेते मागे पडत जातात व धानाच्या बांध्या दिसू लागतात. हिवाळा-उन्हाळ्याच्या संधीस कुही-मांढळ भागात मिरचीचे सातरे लागलेले असतात. लाल ढिगांभोवती बसून शेकडो बाया देठ खुडीत असतात आणि नवख्या माणसास रस्त्यावरच शिंका येऊ लागतात. याच तालुक्यात अडम हे गाव आहे. तेथे १९८८ ते १९९२ या काळात झालेल्या उत्खननात तटबंदीचे प्राचीन नगर सापडले. सातवाहनांच्या काळी ते भरभराटीस आलेले होते. ज्यास आपण खेडवळ मुलूख म्हणतो तेथे, नागपुरास पहिली वीट लागण्यापूर्वी दीड हजार वर्षे, नगर नांदून गेले होते.

कन्हान ही खरी मोठी नदी. ती छिंदवाड्याकडील सातपुड्यात उगम पावते, वाटेत पेंच व कोलार यांस पोटात घेते, आणि कामठीवरून पुढे जाते. १८२१ साली इंग्रजांनी कामठीस छावणी वसविली ती याच नदीच्या भरवशावर. नागपुरातील सिमेंटच्या घरांस लागलेली रेती बहुतांशी कन्हानेची आहे. उन्हाळ्यात पात्र उघडे पडले म्हणजे काठचे ढिवर-कहार रेतीत खड्डे करून, खत घालून टरबूज-डांगराच्या वाड्या लावीत. ती फळे चैत्र-वैशाखात नागपूरच्या बाजारात येत. रेतीच नाहीशी झाली तेथे वाडीही नाहीशी झाली. शहराने या नदीकडून पाणी घेतले, रेती घेतली, फळे घेतली, मासळी घेतली. आणि परत काय दिले हे नागनदीच्या संगमापाशी उभे राहिल्यास वेगळे सांगावे लागत नाही.

आंभोऱ्यास वैनगंगा, कन्हान, आम, मुर्झा व कोलारी अशा पाच नद्यांचा संगम मानतात. टेकडीवर चैतन्येश्वराचे देऊळ आहे. मुकुंदराजाने शके १११० (इ. स. ११८८) मध्ये विवेकसिंधु रचला तो याच ठिकाणी, असे विदर्भातील परंपरा सांगते. अंबेजोगाईचे अभिमानी हा मान आपल्याकडे घेतात आणि विद्वानांत हा वाद फार जुना आहे. आम्ही त्यात पडत नाही. मराठीतील आद्य ग्रंथाचा मान ज्याच्यासाठी सांगितला जातो, त्याच्या जन्मस्थानाचा एक दावेदार नागपूरच्या सांडपाण्याच्या वाटेवर आहे, एवढी गोष्ट आमच्या विषयास पुरेशी आहे.

येथील पाणी आता वाहते दिसत नाही. ते सरोवरासारखे पसरलेले दिसते. पवनीजवळ वैनगंगेवर गोसेखुर्द धरण झाले. २२ एप्रिल १९८८ रोजी राजीव गांधी यांच्या हस्ते त्याचा पाया घातला गेला. सुमारे अडीच लाख हेक्टर भूमी भिजविण्याचा त्याचा हेतू आहे. त्याच्या फुगवट्याने अनेक गावे उठली. ज्यांची शेते गेली त्यांस नवी वसाहत मिळाली, पण नदीकाठचा धंदा वसाहतीत नेता येत नाही. ढिवराचा डोंगा अजून चालतो. मात्र वाहत्या पाण्यातील मरळ, वाम, झिंगे धरण्याची विद्या साचलेल्या पाण्यात जशीच्या तशी कामास येत नाही. शिवाय पूर्वी नागनदीची घाण पुरासंगे वाहून तरी जात असे. आता ती फुगवट्यात अडून राहते, तिच्यावर जलपर्णी माजते आणि जाळी त्यात गुरफटतात. वैनगंगेचे पाणी पिणाऱ्या भंडारा शहराची तक्रारही हीच आहे. धरणाने दोष उत्पन्न केला नाही. शहराने सोडलेला दोष त्याने साठवून दाखविला.

या बाबतीत काहीच होत नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. भांडेवाडी येथे दररोज तेरा कोटी लिटर सांडपाणी शुद्ध करून ते कोराडीच्या वीजकेंद्रास देण्याची व्यवस्था झाली आहे. एकाचे टाकाऊ पाणी दुसऱ्याच्या कामी लावण्याचा हा उद्योग अनुकरणीय आहे. नागनदीच्या शुद्धीकरणाची सुमारे १,९२७ कोटी रुपयांची योजनाही २०२२ साली केंद्र सरकारने मंजूर केली. परंतु २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे चार-एक तासांत शंभर मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडला, अंबाझरी ओसंडली आणि नागनदी काठच्या घराघरांत शिरली. आपण जिला नाला समजून आवळीत आलो ती नदीच आहे, हे त्या दिवशी शहरास उमगले. पण आंभोऱ्याच्या ढिवरास ते सांगावयास पुराची गरज नव्हती.

म्हणून आमचे सांगणे इतकेच, की शाळांनी आणि कुटुंबांनी नागपूर पाहताना गांधी दरवाजावर थांबू नये. वर्षातून एकदा तरी मुलांस पाण्याच्या वाटेने शेवटपर्यंत न्यावे. जुम्मा तलाव पाहावा, छत्र्या पाहाव्यात, आणि त्याच दिवशी आंभोऱ्याच्या काठी डोंग्यातून उतरणाऱ्या माणसास त्याच्या जाळ्यात काय आले हे विचारावे. महालातील वारशाचे मोल दगड-लाकडाच्या जपणुकीवरून ठरेल, तसेच ते त्या माणसाच्या उत्तरावरूनही ठरावयाचे आहे.